साती आसरा आणि वालधुनीचे पाणी

१/ ग्रीक पुराणकथांतील अरेथूसा ही एक दुय्यम जलदेवता. सिसिलीतील सिराक्यूज नगरीत एक गोड्या पाण्याचा झरा आहे. तो झरा म्हणजेच ती, अशी तेथील श्रद्धा. त्या नगरीने तिचा चेहरा आपल्या नाण्यांवर कोरला. आपल्याकडेही अशा जलदेवता आहेत, आणि त्या एक नव्हे, सात आहेत. त्यांच्या वाट्याला मात्र नाणे आले नाही.

२/ त्या साती आसरा. ‘आसरा’ हे ‘अप्सरा’चेच लोकरूप, ‘अप्’ म्हणजे पाणी. शतपथ ब्राह्मणातील उर्वशीच्या कथेत अप्सरा जलपक्षी होऊन सरोवरात विहरतात. लोकांनी त्यांचे हेच पाण्याशी असलेले नाते जपले. विहिरीच्या वा नदीच्या काठी शेंदूर फासलेले सात तांदळे, हळदकुंकू, हिरव्या बांगड्या, खण-नारळ, एवढाच त्यांचा थाट. मावळात त्याच ‘मावलाया’ होतात, दा. ध. कोसंबी यांनी तर ‘मावळ’ हे नावच त्यांच्याशी जोडले.

३/ आता अंबरनाथला या. येथील शिवमंदिर शके ९८२ म्हणजे इ.स. १०६० चे, शिलालेखात शिलाहार राजा माम्वाणी याचे नाव आहे. लेख आहे, राजा आहे, म्हणून मंदिराला संरक्षण आहे. पण ज्या वालधुनीच्या काठी ते उभे आहे, तिचे काय? २०१४ मध्ये तिच्या पात्रात घातक रसायने सोडली गेली आणि उल्हासनगरातील शेकडो नागरिकांना श्वसनाचा त्रास झाला.

४/ माझे मत स्पष्ट आहे : दगड जपून पाणी मारणे म्हणजे अर्धाच वारसा जपणे. राजाच्या देवाला शिलालेख पुरतो. आसरांचे देऊळ म्हणजे पाणीच. ते नासले की शेंदूर लावायला तांदळे उरतात, देवता उरत नाही.

५/ यावर कोणी म्हणेल, ही अंधश्रद्धा. बाळंतिणीच्या दुखण्याचा दोष आसरांच्या माथी मारून उपचार टाळले जात, हे खरेच. ते भय परतू नये. परंतु पाणी हे कुणाचे तरी घर आहे, ही जाणीव टाकाऊ नव्हे. फाळणीनंतर उल्हासनगरात वसलेल्या सिंधी समाजाचे झुलेलाल हेही जलदैवतच.

६/ म्हणून पुढच्या वेळी मंदिराची छायाचित्रे घेऊन झाल्यावर चार पावले नदीकडेही जा. इतिहासाची ती बाजू कोणी कोरून ठेवलेली नाही. ती वाहती ठेवावी लागते.