घोडा, गोमाशी आणि मी

दत्तजयंतीला सारंगखेड्याच्या यात्रेत गेलो होतो. घोडेबाजारात गिऱ्हाईक घोड्याचे दात बघतं, खूर उचलतं, भोवरे तपासतं, मगच भाव करतं.

तिथे सॉक्रेटिस आठवला. इ.स.पू. ३९९ मध्ये, सत्तरीत, अथेन्सच्या न्यायालयात त्याने शहराला सुस्तावलेला उमदा घोडा म्हटलं आणि स्वतःला त्याला डिवचणारी गोमाशी. स्वतःला न तपासता जगण्यात अर्थ नाही, हेही तिथेच सांगितलं. मिळाला विषाचा प्याला.

मागच्या आठवड्यात लेक म्हणाली, "पप्पा, माझ्या चुका रोज मोजता, स्वतःच्या कधी मोजल्या?" मी दोन दिवस बोललो नाही.

आत्मपरीक्षण एकट्याने होतं, हे मला आता पटत नाही. घोड्याला स्वतःचे दात कुठे दिसतात? दुसऱ्यालाच तोंड उघडून बघावं लागतं... आणि आपण त्यालाच चावतो.

असो. आज लेकीशी बोलायचंय.