वळीवड्याच्या पोलिश लोकांवर डॉक्युमेंट्री आली, पण त्याच छावणीतल्या सिंधींचं काय?

ऑगस्ट २०२४ मध्ये पंतप्रधान मोदी पोलंडला गेले, तेव्हा वॉर्सामधल्या एका स्मारकाला त्यांनी अभिवादन केलं. ते स्मारक होतं कोल्हापूरच्या नावाचं.

आता वॉर्सा कुठं आणि कोल्हापूर कुठं?

तर झालं असं, दुसऱ्या महायुद्धात सोव्हिएत रशियानं लाखो पोलिश नागरिकांना घरातून उचलून सायबेरिया, कझाकस्तानात नेलं. तिथून सुटलेले काही जण इराणमार्गे भारतात आले. १९४३ ते १९४८ या काळात कोल्हापूरजवळच्या वळीवडे छावणीत सुमारे ५ हजार पोलिश राहिले. बहुतेक बायका आणि पोरं. बराकीतच त्यांनी शाळा, चर्च, थिएटर असं गाव वसवलं.

२०१३ मध्ये अनु राधा यांची 'अ लिटल पोलंड इन इंडिया' ही डॉक्युमेंट्री आली. गुजरातमधलं बालाचडी आणि आपलं वळीवडे इथं वाढलेली माणसं म्हातारपणी त्यात बोलतात.

इथंच खरी मेख आहे. युद्धाचं फुटेज सैन्याकडं असतं. पण मोडलेला संसार पुन्हा कसा उभा राहिला, हे फक्त तो उभा करणाऱ्याला ठाऊक असतं. वळीवड्याच्या पोरांनी पुढं संघटना केली, आठवणींचं पुस्तक काढलं, म्हणून ती गोष्ट टिकली.

पोलिश गेल्यावर त्याच छावणीत फाळणीत सिंध सोडून आलेली कुटुंबं राहिली. तेच आजचं गांधीनगर. पण आपल्याला ते माहितीये कापडाच्या होलसेल बाजारामुळं. पोलिश गोष्ट दोन देशांच्या मैत्रीच्या कामी येते, म्हणून स्मारक होतं, मंत्री येतात. सिंधी तर आपलेच झाले, मग त्यांना विचारणार कोण?

कोल्हापूर लांब वाटत असेल, तर बोदवडहून जळगावला जा. सिंधी कॉलनी तिथंही आहे. १९४७ मध्ये दहा वर्षांचं असलेलं पोर २०२७ मध्ये नव्वदीचं होईल. म्हणजे हातात वेळ किती, हिशोब तुम्हीच करा.

मोठा कॅमेरा नको, मोबाईल पुरे. जवळच्या एखाद्या आजोबांना, आजींना त्यांच्या परवानगीनं समोर बसवा. काय गमावलं, हे सगळेच विचारतात. तुम्ही विचारा, पहिलं दुकान कशावर टाकलं? उधारीवर माल कुणी दिला? आणि इथली बोली कुणाकडून शिकलात?