शेकाफेवरचे आरोप आणि चांद्याची साक्ष

१६ ऑक्टोबर १९५६ रोजी डॉ. बाबासाहेब आंबेडकर चांद्याला, म्हणजे आजच्या चंद्रपूरला आले, तेव्हा त्यांनी स्वतः उभारलेल्या पक्षाची आवराआवर सुरू झाली होती. सप्टेंबरअखेर दिल्लीत कार्यकारिणी बसली होती आणि शेड्यूल्ड कास्ट्स फेडरेशन विसर्जित करून सर्वांना खुला असा रिपब्लिकन पक्ष काढायचे ठरले होते. नागपूरचा बौद्ध दीक्षा सोहळा दोनच दिवसांपूर्वी झाला होता. त्यानंतर बाबासाहेब चांद्याला आले आणि इथेही सामुदायिक दीक्षा झाली. ती घडवून आणण्यात पुढे होते बॅरिस्टर राजाभाऊ खोब्रागडे. ते जन्माने चांद्याचे, लंडनला कायदा शिकून आलेले आणि फेडरेशनच्या तालमीत तयार झालेले. दीक्षा लोकांच्या मनात कायमची राहिली. तिच्यासाठी गावोगाव माणसे जोडणारा पक्ष, ज्याला कार्यकर्ते ‘शेकाफे’ म्हणत, तो मात्र विस्मरणात गेला.

आज त्याची आठवण निघते ती काही ठरीव आरोपांसकट. तो इंग्रजांच्या वळचणीला बसलेला होता, एका जातीचा होता, निवडणुका हरण्यापलीकडे त्याने काही केले नाही, आणि राखीव जागांशिवाय त्याच्याजवळ कार्यक्रम नव्हता, असे सांगितले जाते. चंद्रपूर-गडचिरोलीच्या भूमीवर उभे राहून हे आरोप तपासले तर त्यांतला एकही धड उभा राहत नाही. शेकाफेविरुद्ध इथे टिकणारा आरोप वेगळाच आहे आणि तो सहसा कोणी करत नाही.

इंग्रजधार्जिणेपणाचा आरोप या जिल्ह्यात जितका बोचतो तितका दुसरीकडे क्वचितच बोचत असेल. फेडरेशनची स्थापना १८ ते २० जुलै १९४२ या दिवसांत नागपूरच्या परिषदेत झाली. त्याच महिन्यात बाबासाहेब व्हाइसरॉयच्या कार्यकारी मंडळात मजूरमंत्री झाले. त्यानंतर महिना उलटायच्या आत, १६ ऑगस्टला, नागपंचमीच्या दिवशी चिमूर पेटले. बालाजी रायपूरकर गोळीबारात पडले, जमावाच्या हातून सरकारी अधिकारी मारले गेले. मग गावात गोरे सैन्य शिरले आणि बायाबापड्यांवर जे अत्याचार झाले, त्यांच्या चौकशीसाठी प्रा. भन्साळींनी ६३ दिवस उपवास केला. ज्या मुलखाने हे सोसले, त्याने विचारलेच पाहिजे की त्या वेळी शेकाफेचा नेता कुठे बसला होता.

उत्तर सरळ आहे. तो दिल्लीच्या सरकारात होता आणि ‘चले जाव’मध्ये फेडरेशन उतरले नाही. हे लपवण्याचे कारण नाही. पण इंग्रजांचे राज्य टिकावे म्हणून पक्ष काढला, असे यावरून ठरत नाही. ऑगस्ट १९३० मध्ये नागपुरातल्याच दलित परिषदेत बाबासाहेबांनी इंग्रजी राजवटीचा हिशेब मांडला होता. या राज्यात अस्पृश्यांचे दुःख तसूभर हलले नाही, आणि सत्तेत वाटा मिळायचा तर तो स्वराज्यातच मिळेल, असे त्यांनी तिथे सांगितले. १९४६ साली त्रिमंत्री योजनेने अस्पृश्यांचा स्वतंत्र आवाज गृहीतच धरला नाही, तेव्हा शेकाफेच्या स्वयंसेवकांनी पुण्यात आणि नागपुरात विधिमंडळांपुढे सत्याग्रह करून तुरुंग भरले. ती योजना लंडनहून आलेल्या मंत्र्यांची होती. इंग्रजांचे हस्तक असलेले लोक इंग्रज मंत्र्यांच्या योजनेविरुद्ध तुरुंगात जात नसतात.

त्या मंत्रिपदाचा उपयोग काय झाला, हे पाहायलाही चंद्रपूरच योग्य जागा आहे. वरोऱ्याची खाण एकोणिसाव्या शतकातली. पुढे बल्लारपूर, घुग्घुस, महाकाली करत कोळशाचा पट्टा वाढत गेला. या खाणींत उतरणाऱ्या मजुरांचे पाणी, घरे, दवाखाने यांसाठी कोळशावर उपकर बसवून कल्याण निधी उभारण्याचा वटहुकूम १९४४ च्या आरंभी निघाला, तो मजूरमंत्री आंबेडकरांच्या खात्यातून. खाणीतल्या स्त्रियांच्या प्रसूतिलाभाच्या कायद्यातही त्यांच्याच काळात सुधारणा झाली. मात्र पूर्ण चित्र द्यायचे तर हेही लिहावे लागते की स्त्रियांना भूमिगत कामावर बंदी होती, ती युद्धकाळात कोळसा कमी पडतो म्हणून १९४३ मध्ये उठवली गेली आणि बाबासाहेबांनी मध्यवर्ती विधिमंडळात त्या निर्णयाचा बचाव केला. बाईला पुरुषाइतकीच मजुरी मिळेल, ही अट त्यांनी पुढे केली होती. बंदी १९४६ मध्ये पुन्हा लागू झाली. बचाव पटण्यासारखा नाही, पण खाणमजुराचा विचार करणारा मंत्री त्या सरकारात होता हेही खोटे ठरत नाही.

एका जातीचा पक्ष हा दुसरा आक्षेप. विदर्भापुरते पाहिले तर त्यात तथ्य आहे. इथे शेकाफे बहुतांशी महार समाजाच्या बळावर उभा राहिला आणि चांभार, मांग, मेहतर वस्त्यांत त्याचा जम फारसा बसला नाही. पण देशभरची यादी पाहावी. पहिले अध्यक्ष एन. शिवराज मद्रासचे होते. सरचिटणीस पां. ना. राजभोज चांभार समाजातले. बंगालमध्ये फेडरेशनचा झेंडा नामशूद्र समाजातल्या जोगेंद्रनाथ मंडल यांच्या हाती होता. १९५२ च्या पहिल्या लोकसभेत पक्षाचे दोनच खासदार गेले, सोलापूरचे राजभोज आणि हैदराबाद राज्यातल्या करीमनगरचे एम. आर. कृष्ण. दोघांपैकी एकही महार नव्हता. याहून महत्त्वाचा पुरावा १९५१ च्या जाहीरनाम्यात आहे. मागासवर्ग, अस्पृश्य आणि आदिवासी यांची एकजूट होत असेल तर पक्षाचे नाव बदलून ‘बॅकवर्ड क्लासेस फेडरेशन’ करायलाही तयारी आहे, असे त्यात लिहिले होते. मंडल आयोगाच्या कितीतरी आधी, इतर मागासांसाठी स्वतःचे नाव सोडायला निघालेल्या पक्षाला जातीचा पक्ष म्हणणे अन्यायाचे आहे.

आता हरण्याविषयी. यात शेकाफेवर जितका अन्याय झाला तितका दुसऱ्या कशात झाला नसेल.

१९४६ च्या प्रांतिक निवडणुकांत दीडशेच्या वर राखीव जागांपैकी फेडरेशनला फक्त दोन मिळाल्या. १९५२ मध्ये बाबासाहेब मुंबईत नारायण काजरोळकरांकडून हरले. १९५४ मध्ये ते भंडाऱ्याच्या पोटनिवडणुकीला उभे राहिले. तेव्हा मतदारसंघ दुहेरी होते, एक जागा सर्वसाधारण आणि एक राखीव, आणि प्रत्येक मतदाराला दोन मते. सर्वसाधारण जागेवर प्रजा समाजवादी पक्षाचे अशोक मेहता निवडून आले. राखीव जागेवर काँग्रेसचे भाऊराव बोरकर जिंकले आणि ज्याने राज्यघटनेचा मसुदा घडवला तो माणूस सुमारे आठ हजार मतांनी पडला. त्या निवडणुकीची एक आठवण जुने कार्यकर्ते सांगत. आपली दोन्ही मते विभागली जाऊ नयेत म्हणून दुसरे मत वाया घालवावे, असे अनेकांचे म्हणणे होते. बाबासाहेबांनी ते धुडकावले आणि मत कुजवणे घटनेच्या भावनेविरुद्ध आहे असे बजावले. भंडाऱ्याची सीमा गडचिरोलीला लागून आहे, त्यामुळे ही आठवण वैनगंगेच्या दोन्ही तीरांवर फिरत राहिली.

पण हार मोजताना खेळाचे नियम पाहायला नकोत काय? पुणे कराराने मध्य प्रांतात अस्पृश्यांना २० जागा दिल्या, पण अखेरचा निकाल सगळ्या मतदारांच्या हाती ठेवला. आधी अस्पृश्य मतदारांनी चार उमेदवार निवडायचे आणि त्यांतला एक सर्वांनी मिळून. चौघांत शेकाफेचा माणूस अव्वल आला तरी शेवटी जिंकायचा तो सवर्ण बहुसंख्येला रुचेल तो. शेकाफेचे म्हणणे एवढेच होते की राखीव जागेवरचा प्रतिनिधी ज्यांच्या नावाने निवडला जातो, त्यांना तो उत्तरदायी असला पाहिजे. ते ऐकून न घेताच तो पक्ष हरला असे ठरवले गेले.

आणि हा प्रश्न १९५७ मध्ये शेकाफेबरोबर संपला असे मानू नये. गडचिरोली-चिमूर लोकसभा मतदारसंघ आज अनुसूचित जमातींसाठी राखीव आहे. २०११ च्या जनगणनेत गडचिरोली जिल्ह्यात आदिवासींची संख्या साधारण ३९ टक्के आहे. मतदारसंघात ब्रह्मपुरी, चिमूर आणि आमगाव येतात. म्हणजे आदिवासींच्या राखीव मतदारसंघातच आदिवासी बहुसंख्य नाहीत. उमेदवार आदिवासी हवा, पण त्याला निवडून आणणारी मते मुख्यतः इतरांची. एटापल्लीच्या किंवा भामरागडच्या माणसाने ‘आमचा खासदार नेमका कोणाचा?’ असे विचारले, तर तो शेकाफेचाच प्रश्न विचारत असतो, भले त्या पक्षाचे नाव त्याने कधी ऐकले नसेल.

कार्यक्रम नव्हता म्हणणाऱ्यांनी मार्च १९४७ चे निवेदन वाचावे. ‘स्टेट्स अँड मायनॉरिटीज’ या नावाने ते प्रसिद्ध आहे, आणि ते सादर झाले फेडरेशनच्या वतीने. शेती राज्याच्या मालकीची व्हावी, गावकऱ्यांनी ती सामुदायिक कसावी, जमीनदार, कूळ आणि भूमिहीन मजूर या तिन्ही पायऱ्याच राहू नयेत. मुख्य उद्योग राज्याने चालवावेत, विमा राष्ट्रीय व्हावा. आणि हे सगळे घटनेतच लिहावे, म्हणजे पुढे कोणत्याही बहुमताला ते पुसता येणार नाही. ज्या चांदा जिल्ह्यात तेव्हा अहेरीसारख्या विस्तीर्ण जमीनदाऱ्या होत्या, तिथे ही मागणी केवढी धीट होती याची कल्पना करता येते. मध्य प्रदेशाचा मालकी हक्क निर्मूलनाचा कायदा आला तो १९५० मध्ये.

राज्यरचनेविषयीही पक्षाचे मत ठरलेले होते. लहान राज्ये हवीत, कारण मोठ्या राज्यात लहान समूहांचा आवाज बुडतो. १९५५ च्या अखेरीस बाबासाहेबांनी भाषिक राज्यांवरच्या पुस्तिकेत महाराष्ट्राचे चार भाग सुचवले आणि त्यांतला पूर्व महाराष्ट्र म्हणजे हाच विदर्भ. ते चांद्याला आले त्या दिवशी चांदा मध्य प्रदेशात होता. सोळा दिवसांनी, १ नोव्हेंबरला, तो द्वैभाषिक मुंबई राज्यात गेला. तिकडे मुंबई-नाशकात फेडरेशन संयुक्त महाराष्ट्र समितीत सामील झाले होते. कम्युनिस्टांशी युती नाही असे जाहीरनाम्यात लिहूनही त्यांच्याच मांडीला मांडी लावून बसले होते. १९५७ मध्ये लोकसभेच्या सहा जागा पदरात पडल्या, पण ही विसंगती खरी आहे आणि ती शेकाफेच्या खात्यावर मांडलीच पाहिजे.

मात्र सर्वांत मोठी नोंद वेगळी आहे. ६ मे १९४५ रोजी मुंबईत फेडरेशनच्याच अधिवेशनात बाबासाहेबांनी जातीय तंट्यावरची आपली योजना मांडली. विधिमंडळांतल्या जागांचे काटेकोर वाटप त्यांनी केले, पण आदिवासींना त्यात धरले नाही. आदिवासींना अजून राजकीय जाण आलेली नाही, त्यामुळे ते सहज दुसऱ्याच्या हातचे हत्यार होतील आणि म्हणून त्यांच्या भागांसाठी वेगळे मंडळ नेमावे, असे त्यांनी मांडले. हाच तो आरोप, जो चंद्रपूर-गडचिरोलीत टिकतो. ज्या चांद्याच्या तुरुंगात २१ ऑक्टोबर १८५८ रोजी बाबूराव शेडमाके यांना इंग्रजांनी फासावर दिले, त्या चांद्याच्या आदिवासींना राजकीय जाण नव्हती हे कसे मान्य करायचे? आणि १९६२ मध्ये याच चांदा मतदारसंघातून लाल श्यामशहा हे आदिवासी नेते अपक्ष म्हणून लोकसभेत गेले, आणि मुदत संपायच्या आधी राजीनामा देऊन बाहेर पडले. राजकीय जाण याहून वेगळी काय असते?

१९५१ च्या जाहीरनाम्यात आदिवासींचे नाव आले, हे खरे. पण १९४५ च्या त्या वाक्यांची जखम एका ओळीने भरत नाही. शिवाय राज्याच्या मालकीची कल्पनाही जंगलात आल्यावर उलटते. माळरानावरच्या भूमिहीनाला सरकार हा जमीनदारापेक्षा बरा मालक वाटेल. १८७८ च्या वनकायद्यापासून ज्याला वनरक्षकाच्या रूपातच सरकार भेटले, त्या माडिया किंवा गोंड कुटुंबाला सरकार मालक होणे नवे नव्हते. तोच त्यांचा जुना त्रास होता.

तरी मूळ कल्पना मेली असे म्हणता येत नाही. धानोरा तालुक्यातल्या मेंढा-लेखाने २००९ मध्ये वनहक्क कायद्याखाली सुमारे १८०० हेक्टर जंगलावर सामूहिक हक्क मिळवला आणि २०१३ मध्ये गावकऱ्यांनी आपापली शेतजमीनही ग्रामदान कायद्यानुसार ग्रामसभेकडे सोपवली. कूळ, मालक, मजूर या पायऱ्या पुसण्याची जी मागणी १९४७ च्या निवेदनात होती, ती तिथे मालक बदलून अमलात आली. राज्याच्या जागी ग्रामसभा बसली. मेंढ्याच्या लोकांनी ती शेकाफेकडून उचलली नव्हती, त्यांच्या वाटेवर सर्वोदयाची सोबत होती. पण दोन वेगळ्या वाटा एकाच टेकडीवर पोचतात तेव्हा टेकडी खरी असल्याचा भरवसा वाटतो.

३ ऑक्टोबर १९५७ रोजी नागपुरात रिपब्लिकन पक्ष स्थापन झाला आणि शेकाफे इतिहासजमा झाला. खोब्रागडे पुढे राज्यसभेचे उपसभापती झाले. पक्षाची शकले होत गेली, त्यांतल्या एका गटाला त्यांचे नाव लागले. १६ ऑक्टोबरला आजही चंद्रपूरच्या दीक्षाभूमीवर गर्दी लोटते, पुस्तकांचे स्टॉल लागतात, गडचिरोलीकडून एसट्या भरून येतात. त्या स्टॉलवर १९५१ चा जाहीरनामा आणि १९४५ चे ते भाषण, दोन्ही एकत्र छापून ठेवायला हवीत, मराठीत आणि शेजारी माडिया-गोंडीतही. मग भामरागडचा एखादा तरुण ती वाचून उठेल आणि आपल्या लोकांविषयी लिहिलेल्या त्या वाक्यांचे उत्तर दीक्षाभूमीच्याच मंडपात मागेल.