याचिका मागे घेताना

याचिका मागे घेतली म्हणजे पक्षकार हरला, असा आपल्याकडे सार्वत्रिक समज आहे. मार्च २०२१ मध्ये मुंबईचे माजी पोलीस आयुक्त परमबीर सिंग यांनी तत्कालीन गृहमंत्री अनिल देशमुख यांच्यावरील आरोपांच्या चौकशीसाठी थेट सर्वोच्च न्यायालय गाठले. आधी उच्च न्यायालयात का गेला नाहीत, असे विचारले जाताच २४ मार्च रोजी त्यांनी तेथे जाण्याची मुभा मागून याचिका मागे घेतली. ५ एप्रिल रोजी मुंबई उच्च न्यायालयाने या विषयावरील याचिकांचा निर्णय देताना सीबीआयला प्राथमिक चौकशीचा आदेश दिला. त्याच दिवशी गृहमंत्र्यांनी राजीनामा दिला.

यात सारे महत्त्व 'मुभा' या शब्दाला आहे. सरगुजा ट्रान्सपोर्ट प्रकरणात सर्वोच्च न्यायालयाने १९८६ मध्ये असा दंडक घातला की, नव्याने याचिका करण्याची परवानगी न घेता रिट याचिका मागे घेतली, तर त्याच कारणासाठी पुन्हा रिट करता येत नाही. दाव्यासारखे अन्य उपाय मात्र त्यामुळे बंद होत नाहीत, हेही त्याच निकालात नमूद आहे.

आपल्या भागात हा प्रश्न अधिक करून शिक्षकांना भेडसावतो. नांदेड-लातूरकडील एखाद्या खाजगी शाळेतील शिक्षकाला संस्थेने सेवेतून काढले, की तो औरंगाबाद खंडपीठाचा रस्ता धरतो. १९८१ पासून खंडपीठ मराठवाड्यात आहे, तेव्हा ही ओढ स्वाभाविकच. परंतु खाजगी शाळांतील कर्मचाऱ्यांच्या १९७७ च्या कायद्यातील कलम ९ अन्वये अशा आदेशाविरुद्ध अपील शाळा न्यायाधिकरणाकडे करावयाचे असते. लातूरलाच असे न्यायाधिकरण आहे. मुदत अवघी ३० दिवसांची! खंडपीठापुढे याचिका दोन वर्षे पडून राहिली आणि मग 'पर्यायी उपाय उपलब्ध आहे' असे ऐकावे लागले, तर ती मुदत केव्हाच उलटलेली असते. पुरेसे कारण दिसल्यास न्यायाधिकरण विलंब माफ करू शकते. पण तो त्याच्या विवेकाचा भाग आहे, पक्षकाराचा हक्क नव्हे. म्हणून माघारीच्या आदेशात केवळ मुभा नोंदवून भागत नाही. खंडपीठापुढे गेलेला काळ विलंबमाफीच्या वेळी विचारात घ्यावा, हे वाक्यही वकिलांकरवी मागून घेतले पाहिजे.

पुष्कळ पक्षकार केवळ 'इतका पैसा ओतला' म्हणून चुकीच्या दारात बसून राहतात. अर्थशास्त्रात याला बुडीत खर्च म्हणतात. गेलेली फी परत येत नाही. पुढच्या निर्णयात तिला मत असू नये. अर्थात सगळा दोष पक्षकाराचा नाही. याचिका दाखल करून घेऊन गुणदोषांवर ऐकल्यावर केवळ पर्यायी उपायाच्या सबबीवर ती फेटाळू नये, असे सर्वोच्च न्यायालयाने १९७० मध्येच हृदयनारायण प्रकरणात म्हटले होते. पर्यायी उपायाचा आक्षेप पहिल्याच तारखेला निकालात काढला जावा, ही अपेक्षा त्यामुळे अवाजवी ठरत नाही. पगार बंद झालेल्या घरात दोन वर्षांचा हिशेब वेगळा असतो. तोवर सेवासमाप्तीचा आदेश हाती पडताच त्यावर तारीख लिहून ठेवावी आणि तीस दिवस मोजावेत.