फुरसुंगीचा बन्या आणि कपाटाचे कुलूप

भा. रा. भागवतांनी (१९१०–२००१) ज्यूल व्हर्न मराठीत आणला, १९५१ मध्ये ‘बालमित्र’ मासिक काढले. पण त्यांचे खरे धाडस वेगळेच. त्यांचा नायक बनेश ऊर्फ फास्टर फेणे फुरसुंगीचा, म्हणजे गावाकडचा! ऊसतोडीसाठी आईबापांमागे जाणाऱ्या अंबड-घनसावंगीच्या मुलांना हा काटकुळा बन्या परका वाटू नये. मात्र तो त्यांना भेटावयास हवा. पुस्तक हरवल्यास भरपाई कोणी करावी, या धास्तीने शाळेचे कपाट कुलूपबंद राहणार असेल, तर वाचनाच्या गोडीवरील व्याख्याने व्यर्थ होत. जालना जिल्हा परिषदेने ही धास्ती लेखी आदेशाने दूर करावी. वाचून फाटलेले पुस्तक म्हणजे काही अफरातफर नव्हे. टोळ्या निघण्याआधी प्रत्येक मुलाच्या बोचक्यात एक पुस्तक बांधून द्यावे. परत न आले तरी चालेल.