वाट दाखविणे म्हणजे न्याय नव्हे

आंध्र-तेलंगणात भूमिहीनांसाठी राखलेल्या सरकारी जमिनीचा पट्टा एखाद्या धनवंताच्या पदरी पडला, तर गावचा भूमिहीन उच्च न्यायालयात रिट अर्ज घेऊन जातो. आणि ‘पर्यायी उपाय उपलब्ध आहे’ या एका वाक्यावर पुष्कळदा परत फिरतो. हा उपाय कोणता? तहसीलदाराच्या हुकुमावर महसूल खात्यातल्याच वरिष्ठाकडे अपील! कुंपणाने शेत खाल्ल्याची फिर्याद कुंपणाकडेच करावयाची!

आम्ही स्वतः केंद्र सरकारच्या कचेरीतले कारकून. अधिकाऱ्यांना हिणविण्याचा आमचा हेतू नाही. मोजणी, ताबा, वहिवाट यांचा निवाडा केवळ शपथपत्रांवरून होत नाही, तो जागा पाहणाऱ्यानेच करावा, हे आम्हांस मान्य आहे. परंतु ज्या पट्ट्यावर वरिष्ठाची संमती आधीच उमटली, त्याविरुद्धचे अपील त्याच्यापुढेच नेण्यात अर्थ कोणता?

पर्यायी उपायाचा नियम हा धोरणाचा, सोयीचा व विवेकाचा आहे, कायद्याची भिंत नव्हे, असे सर्वोच्च न्यायालयाने महंमद नूह खटल्यात १९५७ सालीच सांगितले. १९७६ च्या बेचाळिसाव्या घटनादुरुस्तीने ती भिंत बऱ्याच अंशी खरोखरच उभारली. १९७८ च्या चव्वेचाळिसाव्या दुरुस्तीने ती पाडली. संसदेने पाडलेली भिंत न्यायालयांनी केवळ सवयीने पुन्हा का बांधावी?

अर्जदारास परत पाठवावयाचे तर खुशाल पाठवावे. पण अपिलाच्या निकालाची मुदत बांधून द्यावी आणि तोवर जमीन ‘जैसे थे’ राखावी. नाहीतर निकाल हाती येईल तेव्हा शेतात इमारत उभी असेल.