आधी ठेका, मग चित्र

हलत्या व्यंगचित्रांत आधी चित्रे काढतात आणि मागाहून संगीताची फोडणी देतात, अशी आपली समजूत. बोलपटाच्या आरंभी मात्र गंमत नेमकी उलटी झाली. मूकपटाची फीत हाताने फिरे. तिच्या गतीचा भरवसा नसे. आवाज आला आणि फीत सेकंदाला 24 चौकटींवर बांधली गेली. मग हिशेब सोपा! सेकंदाला दोन ठोके धरले, तर एका ठोक्याला 12 चौकटी. 1928 साली वॉल्ट डिस्नेच्या मंडळींनी मेट्रोनोमच्या टिकटिकीवर ‘स्टीमबोट विली’ बसवला, तो याच हिशेबाने. पुढल्या वर्षी ‘स्केलेटन डान्स’ आला. कल्पना कार्ल स्टॉलिंग या संगीतकाराची! त्यात एक सांगाडा दुसऱ्याच्या पाठीचा कणा काष्ठतरंगासारखा वाजवतो.

तुम्ही म्हणाल, हे साहेबाचे कौतुक झाले, आपले काय? आपलेही होते हो! ‘अयोध्येचा राजा’ बोलू लागून दोनच वर्षे झाली होती, तोच 1934 मध्ये पुण्याच्या ‘प्रभात’ने ‘जंबुकाका’ हा व्यंगचित्रपट काढला. तो रघुनाथ केळकरांनी केला. जंबुक म्हणजे कोल्हा. त्याला ‘काका’ लावून घरचा करून टाकणाऱ्याला माझा मनोमन नमस्कार!

पण काकांचा वंश काही वाढला नाही. सात मिनिटांना 10,080 चौकटी. एक चित्र दोन चौकटींना पुरवले तरी पाच हजारांवर चित्रे हाताने काढायची. अमेरिकेत हा खर्च जगभरच्या चित्रगृहांतून निघे. मराठी मुलखात कुठून निघावा? आमची मुले मग परक्या उंदराच्या ठेक्यावर वाढली. मराठीच्या मास्तराला ठेक्याची एवढी चिंता का, असे कुणी विचारील. पण वृत्ते शिकवताना मला दुसरे काय लागते?

नंदुरबारात तर हे फारच खटकते. अक्कलकुवा तालुक्यातल्या काठीच्या होळीला रात्रभर ढोल वाजतो, कमरेचे घुंगरू त्याला साथ देतात. माझ्या वर्गातली कितीतरी मुले ती लय पायांत घेऊनच येतात. मात्रा मोजताना अडखळणारा विद्यार्थी बाकावर बोटांनी ढोलाचा ठेका मात्र बिनचूक धरतो. परवा त्यांना मोबाइलवर ते नाचरे सांगाडे दाखवले. पोरे हसली. मग त्या ठेकेवाल्यानेच विचारले, “सर, आमच्या ढोलाला किती चित्रं लागतील?”

येत्या होळीला घड्याळ लावून ठोके मोजून आण, असे त्याला सांगितले आहे. सेकंदाला 24 चौकटी, हा हिशेब त्याने वहीच्या पुठ्ठ्यावर टिपून घेतला.